उंबरठ्याचा खर्च

आमच्या घराच्या पुढच्या दाराशी चार पायऱ्या आहेत, हे एवढी वर्षं त्या घरात राहूनही आम्हांला माहीत नव्हतं. रोज चढत-उतरत होतो, पण मोजल्या कोणी होत्या? २०२३ च्या जूनमध्ये आईंना अर्धांगवायूचा झटका आला. सात आठवड्यांनी हॉस्पिटलमधून घरी सोडायची वेळ आली, तेव्हा तिथल्या ऑक्युपेशनल थेरपिस्ट बाईंनी पहिला प्रश्न विचारला, "दाराशी पायऱ्या किती?" आम्ही दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. एकानं तीन सांगितल्या, दुसरीनं पाच. बाईंनी शांतपणे वहीत लिहून घेतलं, "घर बघावं लागेल."

(आई म्हणजे आमच्यापैकी एकाची आई आणि दुसरीच्या सासूबाई. घरात एक जण 'आई म्हणाली' म्हणतो, दुसरी 'आई म्हणाल्या'. इथं लिहिताना आम्ही 'म्हणाल्या'वर एकमत केलंय.)

इथली जुनी लाकडी घरं खुंटांवर उभी असतात. खाली हवा खेळती राहावी, ओल वर चढू नये म्हणून. त्यामुळे सपाट जागेवरच्या घरालाही दाराशी दोन-चार पायऱ्या येतातच. आमचं घर तर वेलिंग्टनच्या जॉन्सनविलमधलं, म्हणजे उतारावरचं. घर घेताना आपण काय पाहतो? शाळा कोणती, ऊन कुठून येतं, बेडरूम किती. पायऱ्यांकडे बघणारा मराठी माणूस आम्हांला अजून भेटायचाय.

पहिल्या दिवशी आईंना खुर्चीसकट उचलून आत घेतलं. आम्ही दोघं, शेजारचे किवी आजोबा आणि त्यांचा जावई. आई हसत म्हणाल्या, "पालखी निघाली गं बाई माझी!" सगळे हसले. रात्री मात्र त्यांनी निक्षून सांगितलं, "परत असं चौघांनी उचलायचं नाही. ते एकदाच." आम्ही दोघं बराच वेळ गप्प होतो. तेव्हापासून रॅम्पचा शोध सुरू झाला. दोन हत्यारं लागली : मोजायची टेप आणि टेलिफोन.

मंडळातल्या ज्याला त्याला विचारलं, त्यानं एकच सांगितलं, "अहो, एसीसी देतं की सगळं!" आमचीही तीच समजूत होती. पगारातून एसीसीची लेव्ही कापली जाते, पेट्रोलमध्ये भरतो, गाडीच्या रजिस्ट्रेशनमध्ये भरतो. मग आता द्यायला नको?

इथंच पहिली ठेच लागली. एसीसी म्हणजे अपघाताची भरपाई. सर ओवेन वुडहाऊस यांच्या आयोगानं १९६७ साली अहवाल दिला, आणि १ एप्रिल १९७४ पासून ही योजना सुरू झाली. चूक कोणाची हे विचारायचं नाही, त्याबदल्यात कोर्टात नुकसानभरपाईचा दावाही लावायचा नाही, आणि दुखापत झालेल्या माणसाला उपचारापासून घरातल्या बदलांपर्यंत मदत करायची. कल्पना फार मोठी आहे, आणि जगात तिला तोड नाही असं आम्ही आजही म्हणू. पण झटका हा अपघात नव्हे, आजार. आजाराला एसीसीचं दार सहसा बंद. आजारी माणसांनाही असंच सामावून घ्यावं ही खुद्द वुडहाऊससाहेबांची इच्छा होती. १९८८ साली ते लॉ कमिशनचे अध्यक्ष असताना त्या दिशेनं पुन्हा अहवाल झाला. २०१४ साली ते वारले, आणि ती गोष्ट काही झाली नाही.

आमच्या ओळखीचे एक गृहस्थ दिवाळीत आकाशकंदील लावताना शिडीवरून पडले आणि मणक्याला मार बसला. त्यांच्या घरी एसीसीनं रॅम्प केला, दारं रुंद केली, बाथरूम पाडून नवी दिली. त्यांना मिळालं याचा आम्हांला आनंदच आहे. पण दिवाळीनंतर चहाला दोघं समोरासमोर बसले, ते आणि आई, दोघंही चाकाच्या खुर्चीत. खुर्च्या सारख्या, पायऱ्या सारख्या. एक पडून खुर्चीत आलेले, एक न पडता. आई नंतर म्हणाल्या, "म्हणजे मी आधी शिडीवर चढायला हवं होतं!"

एक बारकावा सांगून ठेवतो. झटका आलेला माणूस पडला आणि खुब्याचं हाड मोडलं, तर त्या मोडलेल्या हाडासाठी एसीसीचा अर्ज होऊ शकतो. डॉक्टरांकडे विचारा, भिडेखातर गप्प बसू नका. आणि एसीसीनं नकार कळवला तर फेरविचार मागायला तीन महिने असतात. पत्र फ्रिजवर चुंबकाखाली लावून विसरू नका.

ज्यांचा आजार आहे, वय आहे, जन्मापासूनचं अपंगत्व आहे, त्यांच्यासाठी दुसरी वाट आहे : 'इक्विपमेंट अँड मॉडिफिकेशन सर्व्हिसेस'. आमच्या भागात तिचं काम पामर्स्टन नॉर्थची 'एनेबल न्यूझीलंड' पाहते. अडचण किमान सहा महिने टिकणारी हवी, आणि माणूस इथल्या सरकारी आरोग्यसेवेला पात्र हवा. वरचं खातं बदलत असतं. १ जुलै २०२२ ला 'व्हायकाहा' हे अपंगांसाठीचं नवं मंत्रालय झालं, आणि २०२४ मध्ये सेवा पुरवण्याचं काम त्याच्याकडून काढून सामाजिक विकास मंत्रालयाकडे दिलं. तुम्हांला ह्या खात्यांचे फोन पाठ करायची गरज नाही. तुमचा जीपी किंवा हॉस्पिटलमधली थेरपिस्ट यांच्याकडून सुरुवात करा. अर्ज आपण करायचा नसतो, तपासणी करणारी थेरपिस्ट करते.

पात्रतेचं मात्र आधी बघा. आई २००९ पासून इथल्या रेसिडेंट आहेत, म्हणून हे सगळं शक्य झालं. पालकांचा तो व्हिसा २०१६ च्या ऑक्टोबरमध्ये थांबला, २०२२ च्या शेवटी पुन्हा सुरू झाला, आणि त्यातही रांग. २०२५ च्या सप्टेंबरपासून 'पेरेंट बूस्ट' नावाचा पाच वर्षांपर्यंतचा व्हिजिटर व्हिसा आला आहे. बऱ्याच घरांतून आनंदाचे फोन गेले. पण तो व्हिजिटर व्हिसाच. त्याला आरोग्यविमा सक्तीचा आहे तो उगाच नाही. त्या व्हिसावरच्या बाबांना झटका आला तर रॅम्पला सरकार पैसे देणार नाही. पाय घसरून पडले तर इथल्या उपचारांना एसीसीचा हातभार लागतो, पाहुण्यांनाही लागतो. विमा घेताना 'पडणं' आणि 'आजारी होणं' ह्या दोन रकान्यांत काय काय येतं ते वाचून घ्या.

आता तपासणीचा दिवस. हा भाग आम्हांला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो, कारण इथं आपली माणसं हमखास फसतात. बाई येणार म्हणून आईंनी सकाळी इरकली नेसवून घेतली, केस विंचरून घेतले, चहाबरोबर चकल्या ठेवायला लावल्या. बाईंनी विचारलं, "तुम्हांला उठायला त्रास होतो का?" आई म्हणाल्या, "छे छे!" आणि खुर्चीच्या दांड्याला धरून उठल्यासुद्धा. सात आठवड्यांत कधी उठल्या नव्हत्या त्या. "आंघोळ?" "सून करते ना सगळं, काही अडचण नाही." "बाहेर जायचं असतं का कुठं?" "आता ह्या वयात कुठं जायचं!" आम्ही भाषांतर करत होतो आणि आमच्या डोळ्यांसमोर रॅम्प विरघळत होता.

पाहुण्यापुढं रडगाणं गाऊ नये हा आपला संस्कार. पण ती बाई पाहुणी नाही. ती जे बघते तेच लिहिते, आणि तिनं लिहिलेल्यावर पैसे ठरतात. चार दिवसांनी दुसऱ्या भेटीची विनंती केली, आणि ह्या वेळी दुभाषी मागितला. १९९६ पासून इथल्या रुग्णांच्या हक्कांच्या संहितेत तो हक्क आहे, जिथं गरज आहे आणि शक्य आहे तिथं. फोनवरची ती मराठी मुलगी कोण होती माहीत नाही, पण तिच्याशी आई मोकळ्या बोलल्या. रात्री संडासला जायची भीती वाटते. सुनेच्या पाठीत भरतं ते दिसतं, म्हणून त्या पाणी कमी पितात. हे आम्ही पहिल्यांदाच ऐकत होतो. बरं झालं, दुभाषी आम्ही नव्हतो.

आई मूळच्या कोल्हापूरच्या. तिथं १९८४ साली 'हेल्पर्स ऑफ द हँडिकॅप्ड' ही संस्था उभी करणाऱ्या नसीमा हुरजूक यांचं 'चाकाची खुर्ची' हे आत्मचरित्र त्यांच्या कपाटात आहे. त्या 'व्हीलचेअर' म्हणत नाहीत, 'चाकाची खुर्ची'च म्हणतात. कोल्हापूरहून मावशींचा फोन आला, "सरकार रॅम्प बांधून देतं? घरात? फुकट?" त्यांना नवल वाटणारच. भारतात १९८१ पासून 'एडिप' योजनेतून खुर्ची मिळते, कुबड्या मिळतात, २०१६ चा अपंगांच्या हक्कांचा कायदाही चांगला आहे. पण खुर्ची मिळालेल्या माणसाला सोसायटीच्या लिफ्टपर्यंत पोचायला आधी तीन पायऱ्या चढाव्या लागतात, त्याचं काय? पुण्यातल्या किती इमारती आठवतात बघा.

तर फुकट का? हो आणि नाही. हात धरायचे दांडे, संडासावरची उंच बैठक, न्हाणीतलं स्टूल हे लवकर आलं. मोठ्या कामाला ठरावीक रकमेच्या वर उत्पन्नाची आणि शिलकीची चौकशी होते. ती रक्कम बदलते, म्हणून आकडा देत नाही, अर्जाच्या वेळी विचारा. आणि एक नियम लाल शाईनं लिहून ठेवा : मंजुरीच्या आधी काम सुरू करायचं नाही. मागाहून पावत्या दाखवल्या तर पैसे मिळत नाहीत. आमच्या एका मित्रानं उत्साहानं एका वीकएंडला रॅम्प ठोकला, छान ठोकला, आणि सगळा खर्च त्याच्याच अंगावर पडला.

दुसरा नियम आम्हांला जड गेला. सरकार गरज भागवणारा, सगळ्यांत कमी खर्चाचा मार्ग देतं. आमच्या घराला दोन दारं. पुढच्या दाराशी चार पायऱ्या, प्रत्येकी सतरा सेंटिमीटर, म्हणजे अडुसष्ट. रॅम्पचा चढ एकास बारा धरतात, एक सेंटिमीटर चढायला बारा सेंटिमीटर लांबी. अडुसष्ट गुणिले बारा, आठ मीटर सोळा सेंटिमीटर. वर आणि खाली खुर्ची वळेल एवढा सपाट कट्टा. आमचं अंगण सहा मीटरचं. म्हणजे रॅम्पला मध्ये वळण, वळणावर तिसरा कट्टा. मागचं लाँड्रीचं दार मात्र ड्राइव्हवेच्या चढामुळे जमिनीला जवळजवळ टेकलेलं. एक पायरी, सतरा सेंटिमीटर, दोन मीटरचा रॅम्प, काम संपलं. मंजुरी अर्थातच लाँड्रीच्या दाराला मिळाली. कागदावर ह्यात काहीच चूक नव्हती. जनतेचे पैसे आहेत, आम्हीही अधिकारी असतो तर हेच केलं असतं.

आईंना सांगितलं. त्या एवढंच म्हणाल्या, "वॉशिंग मशीनच्या बाजूनं?" आणि गप्प झाल्या. संध्याकाळी म्हणाल्या, "मी ह्या घरात पुढच्या दारानं आले. गणपती पुढच्या दारानं येतात. मी आपली डबा टाकायला गेल्यासारखी मागून ये-जा करू?"

ह्यावर आमच्या घरात आठवडाभर खडाजंगी झाली, हे लपवत नाही. एक जण म्हणाला, मिळतंय ते घ्या, मानापमानाला पैसे लागतात. दुसरी म्हणाली, बाहेर जाणं म्हणजे नुसतं घराबाहेर पडणं नव्हे, चार माणसांना दिसणं. लाँड्रीच्या दारातून आई फक्त गाडीत जातील, पुढच्या दारातून रस्त्यावरच्या लोकांशी बोलतील. शेवटी दोन्ही केलं. मागचा सरकारी रॅम्प घेतला, आणि पुढच्याचे पैसे आम्ही घातले.

पैसे कुठून? तीन कोटेशनं आली, सगळ्यांत स्वस्त आणि सगळ्यांत महाग यांत जवळजवळ दुप्पट फरक. स्वस्तवाल्यानं चढ एकास आठ धरला होता म्हणून ते स्वस्त. अशा चढावर ढकलणाऱ्याची कंबर जाते आणि उतरताना बसणाऱ्याचा जीव. मधलं घेतलं, साडेअकरा हजार डॉलर, जीएसटी धरून. किवीसेव्हरच्या कायद्यात आर्थिक अडचणीच्या कारणांत एक कारण स्पष्ट लिहिलं आहे : सभासदाच्या किंवा त्याच्यावर अवलंबून असणाऱ्याच्या अपंगत्वामुळे घरात करावे लागणारे बदल. पुष्कळांना हे ठाऊक नसतं. पण दुसरे सगळे मार्ग संपले हे दाखवावं लागतं, आणि सरकारनं घातलेला हिस्सा काढता येत नाही. आमच्या गृहकर्जात थोडी वाढ मिळत होती, म्हणजे मार्ग संपले नव्हते. ती घेतली. मंडळातल्या काहींनी वर्गणी काढू म्हटलं. त्यांचे उपकार विसरणार नाही, पण आईंनी हात जोडले. ज्यांच्याकडे कर्जाचाही मार्ग नाही त्यांनी मात्र वर्गणीला संकोचू नये.

लॉटरीच्या निधीतूनही अपंग व्यक्तींना मदत मिळते, पण ती प्रामुख्यानं फिरण्या-बोलण्याच्या साधनांसाठी, घराच्या बांधकामासाठी नव्हे. वर्क अँड इन्कमचा डिसॅबिलिटी अलाउन्स हा नेहमीच्या खर्चासाठी असतो, उत्पन्न पाहून.

भाड्याच्या घरात राहणाऱ्यांसाठी : ११ फेब्रुवारी २०२१ पासून पकड-दांडा बसवण्यासारख्या किरकोळ बदलाला घरमालकानं नाही म्हणता येत नाही. लेखी विचारा, एकवीस दिवसांत उत्तर यायला हवं. घर सोडताना पूर्ववत करून द्यायची तयारी ठेवा.

बाथरूमची एक गंमत सांगितल्याशिवाय राहवत नाही. टबमध्ये पाय टाकून आंघोळ आईंना जमेना, म्हणून टब काढून जमिनीच्या पातळीवरचा शॉवर करायचा ठरला. टाइल्सच्या अशा ओल्या जागेला काउन्सिलची बिल्डिंग कन्सेंट लागते, खालचं जलरोधक अस्तर तपासायला इन्स्पेक्टर येतो. नकाशे, फी, दोन भेटी. सगळं झाल्यावर आईंनी बघितलं. उंबरा नाही, सगळीकडे उतार, कोपऱ्यात जाळी. "ही तर मोरी!" म्हणाल्या. खरंच मोरीच आहे. आता स्टूलवर बसून बादली-तांब्यानं आंघोळ चालते, आणि महागडा हातातला शॉवर भिंतीवर शोभेला आहे.

पुढचा रॅम्प २०२४ च्या मार्चअखेर पुरा झाला. लाकूड पावसात बुळबुळीत होतं म्हणून सुताराने वर कोंबड्यांच्या खुराड्याची असते तशी जाळी ठोकून दिली. दिसायला बरी नाही, पण सदर्लीचा वारा आणि पाऊस एकदम आला की तीच कामाला येते. शेवटचा प्रश्न उंबरठ्याचा. दाराच्या चौकटीची पट्टी चार सेंटिमीटर वर होती, तेवढ्यानंही पुढची चाकं अडतात. सुतार म्हणाला, कापून टाकू. आई म्हणाल्या, "उंबरठा कापायचा? मग हळदीकुंकू कुठं वाहू?" वेलिंग्टनचा पाऊस आडवा येतो, तेव्हा पट्टी कापणं तसंही शहाणपणाचं नव्हतं. शेवटी रबरी पाचर आणली, दोन्ही बाजूंनी टेकवायची, सणाला उचलून ठेवायची. ९ एप्रिलला पाडवा होता. सकाळी पाचर काढली, आईंनी डाव्या हातानं उंबरठ्याला हळदीकुंकू लावलं, पाचर परत बसवली आणि गुढी बघायला बाहेर गेल्या. पोस्टमन आला होता, त्याला तांब्या उलटा का ते सांगण्यात अर्धा तास गेला.

त्या सप्टेंबरात गणपती आईंच्या मांडीवर बसून रॅम्पवरून आले. मंडळाच्या गणपतीला मात्र जाता आलं नाही. हॉल चांगला होता, पार्किंग भरपूर, पण दाराशी पाच पायऱ्या, आणि चौघांनी उचलायचं नाही असं ठरलेलं. समितीला दोष देत नाही, आम्हीही त्या समितीत होतो आणि आम्हीही कधी पायऱ्या मोजल्या नव्हत्या. यंदाचा हॉल ठरवायला जाल तेव्हा आमच्याकडची टेप घेऊन जा. मोजायला आम्हीही येऊ.